शनिवारी रात्री शांत

"बदलापुरात रात्र होतच नाही, बाबा," असं करिष्मा म्हणाली आणि दिनानाथ भोईरांना ते लागलं. मुलीने बापाला विसरभोळा म्हटलं असतं, चिकट म्हटलं असतं, तरी त्यांनी हसून सोडून दिलं असतं; दोन्ही गोष्टी खऱ्या होत्या. पण गावाला नावं ठेवायची म्हणजे काय? भोईरांच्या कितीतरी पिढ्या बदलापूरच्या कुळगावात झोपल्या, उठल्या, त्यांनी भात लावला, भात झोडला. शेवटच्या पिढीने जमीन बिल्डरला देऊन त्याच जमिनीवर, पण तिसऱ्या मजल्यावर, फ्लॅट घेतला. एवढी सगळी माणसं काय रात्र नसताना झोपली?

करिष्माचं म्हणणं सरळ होतं. इथल्या आवाजात आईला झोप लागत नाही, झोप नाही म्हणून बीपी चढतं, आणि डॉक्टर म्हणतात झोप झालीच पाहिजे. तेव्हा हा फ्लॅट विकायचा आणि पुण्याला वाकडला, तिच्या शेजारच्या बिल्डिंगमध्ये राहायला यायचं. जावईबापूंनी, म्हणजे दिपेशने, तिथे एक फ्लॅट हेरूनही ठेवला होता. मालक महिनाअखेरपर्यंत थांबायला तयार होता.

"तिकडे इतकं शांत आहे ना बाबा, रात्री फ्रीज चालू झालेला कळतो."

"फ्रीज ऐकायला मी पुण्याला येऊ?" दिनानाथ म्हणाले. त्यांनी याच्या पुढेही बरंच काही ऐकवलं असतं, पण नेमका खाली कोणीतरी टेम्पो मागे घ्यायला लागला आणि त्या टेम्पोला मागे येताना गाणं म्हणायची सवय होती. पाठोपाठ बोअरवेलचं मशीन सुरू झालं. ऐन वेळी गावानेच दगा दिला. करिष्माने नुसती भुवई वर केली.

करिष्माची आई, चांगुणाबाई, आत बोंबील तळत होत्या. त्यांना काय वाटतं हे बापलेकीने त्यांच्या वतीने आधीच ठरवून टाकलं होतं, त्यामुळे विचारायची वेळ कोणावर आली नाही.

त्याच आठवड्यात अंबरनाथच्या एका हौशी मंडळाने लघुपट स्पर्धा जाहीर केली होती. विषय होता 'माझं गाव'. दिनानाथांनी आयुष्यात फिल्म काढली नव्हती. अंबरनाथच्या केमिकल कंपनीत ते स्टोअर्सला होते आणि तिथे फक्त मालाची ने-आण पाहिली होती. पण अपमान झालेला माणूस काय करील सांगता येत नाही.

"मी फिल्म काढतो," ते म्हणाले. "बदलापूरच्या साध्यासुध्या रात्रीची. गाणं नाही, भाषण नाही, नुसती शांतता. अंबरनाथला मोठ्या पडद्यावर बघ आणि मग बोल विकायचं."

"आणि नाही सापडली शांतता तर?"

"तर विकू!"

बोलून गेले आणि मग आपण काय बोललो ते त्यांना कळलं. पण तोंडातून गेलेला शब्द भोईर परत घेत नसत. करिष्माने लगेच दिपेशला फोन लावला, "बाबा तयार झालेत."

कॅमेऱ्यासाठी ते उल्हासनगरला कमलेश वाधवाकडे गेले. तिथल्या सिंधी कॅम्पातल्या निम्म्या लग्नांचं व्हिडिओ शूटिंग कमलेशचं. दुकानात शिरल्याबरोबर त्याने विचारलं, "आओ साईं! शादी किसकी?"

"लग्न नाही. रात्रीची शांतता शूट करायची आहे."

"कौन शांता? आपकी बेटी?"

दिनानाथांनी शांतता म्हणजे काय ते हिंदीत समजावून सांगितलं. कमलेश गंभीर झाला. पंचवीस वर्षांच्या धंद्यात असं गिऱ्हाईक त्याला भेटलं नव्हतं. "मतलब म्युझिक नहीं. डायलॉग नहीं. नवरा-नवरी पण नाय. तो लोग देखेंगे क्या साईं? एक काम करो, ड्रोन डालो. ऊपर से शांती बहुत अच्छी दिखती है." ड्रोन नको, धूर नको, गुलाबाच्या पाकळ्या तर अजिबात नकोत, हे पटवण्यात दुपार गेली. शेवटी कमलेश कॅमेरा द्यायला तयार झाला, पण एका अटीवर. कॅमेऱ्याबरोबर तो स्वतः येणार. "कॅमेरा मेरा बच्चा है. अकेला रात को बदलापूर नहीं भेजूंगा."

मग कोणीतरी सांगितलं की रात्री रस्त्यावर कॅमेरा लावायचा तर पोलिसांना कळवलेलं बरं. दिनानाथ कायद्याने चालणारे गृहस्थ. त्यांनी सुवाच्य अक्षरात अर्ज लिहिला, 'विषय : शनिवारी रात्रीच्या शांततेबाबत', आणि चौकीवर नेऊन दिला. हवालदारांनी तो दोनदा वाचला.

"शांतता कोण भंग करतंय?"

"कोणी नाही."

"मग तक्रार काय?"

"तक्रार नाही. शांतता आहे, म्हणूनच अर्ज केलाय."

हवालदारांनी अर्ज उलटसुलट करून पाहिला. त्या खात्यात शांतता नसली तरच अर्ज येतात; असल्याचा अर्ज कुठल्या ढिगावर ठेवायचा? त्यांनी आत जाऊन मोठ्या साहेबांना विचारलं. साहेब घाईत होते, त्यांनी 'शांतता' एवढा एकच शब्द वाचला आणि अर्ज शांतता समितीकडे टाकला. दुसऱ्या दिवशी दिनानाथांना बैठकीचं बोलावणं आलं. सणासुदीला गावात भांडणं होऊ नयेत म्हणून नेमलेली ती समिती. तिथे दिनानाथांना चहा मिळाला, क्रीम बिस्किट मिळालं, आणि "नवे सदस्य भोईर साहेब दोन शब्द बोलतील" असंही ऐकायला मिळालं. ते काय बोलले ते त्यांनाच आठवत नाही, पण टाळ्या पडल्या. शनिवारी रात्री बंदोबस्त देतो, असं साहेबांनी आपण होऊन कबूल केलं. गेले परवानगीला आणि घेऊन आले बंदोबस्त.

इथवर सगळं ठीक होतं. घोटाळा झाला तो बिल्डिंगच्या ग्रुपवर. स्टोअर्समध्ये उभं आयुष्य 'बोल्ट संपले. पाठवा.' असं लिहिण्यात गेल्यामुळे दिनानाथांना शब्द वाया घालवायचा मनापासून तिटकारा. त्यांनी संदेश टाकला, 'शनिवारी रात्री शांत. सर्वांनी सहकार्य करावे. भोईर.'

शांतता या शब्दातला शेवटचा 'ता' त्यांनी वाचवला. एका अक्षराची बचत. पण मराठी माणसाने 'शांत' वाचली की त्याला आधी भटजी दिसतो, मग होम, आणि लगेच जेवणाची पंगत. दिनानाथांची साठी तोंडावर आलेली, हे अख्ख्या बिल्डिंगला ठाऊक. त्यामुळे तळमजल्यावरच्या मोतीबाईंनी तत्काळ ओळखलं की भोईर भाऊजींची साठीशांत आहे. सेक्रेटरी हिरामण मात्र खोलात जाणारा माणूस. त्याने विचार केला, साठीची शांत सकाळी करतात; ही रात्री, तीही शनिवारी, म्हणजे ही शनीची. बिल्डिंगमध्ये दोन तट पडले. जिन्यात भेटलं की लोक "साठी की शनी?" असं कुजबुजायचे आणि दिनानाथ दिसले की गप्प व्हायचे. आपल्या आवाहनाचा परिणाम होऊन लोक आतापासूनच हळू बोलायला लागले, असं वाटून दिनानाथांचा ऊर भरून यायचा.

हिरामण तर घरी येऊन गेला. दार लावून घेऊन म्हणाला, "भोईर साहेब, तुमचा त्रास कळला मला. आमच्या मेहुण्याला पण होता. साडेसात वर्षं."

"साडेसात वर्षं? बाप रे. मग?"

"मग शांत केली. सुटला."

"आता लागते झोप?"

"गाढ!"

दिनानाथांनी त्याचा हात हातात घेतला. या बिल्डिंगमध्ये आपल्याला समजून घेणारा एक तरी माणूस आहे, असं त्यांना वाटलं. हिरामणलाही वाटलं की ग्रह वाईट असले तरी माणूस चांगला आहे.

मोतीबाईंनी जिन्यात गाठलं. "भाऊजी, शनिवारी ताटं किती मांडायची?"

"एकही नको. माणसं घरात बसली, काय ती माझ्यावर कृपा."

मोतीबाईंचे डोळे पाणावले. "लाजतात हो," त्यांनी सगळ्या बायकांना सांगितलं. "खर्चाला घाबरतात. आपणच करू सगळं. त्यांना कळू नाही द्यायचं."

शनिवार उजाडला आणि मावळला. जेवणं आटोपून दिनानाथ कमलेशला घेऊन खाली उतरले. मनात सगळं चित्र तयार होतं. गेटवरचा दिवा, त्याखालचं रिकामं बाकडं, पलीकडे नदीकडे जाणारा ओस रस्ता. जिन्याचं शेवटचं वळण घेतलं आणि ते जागीच उभे राहिले.

आवारात मांडव होता. मांडवाखाली लाल खुर्च्या, आणि खुर्च्यांवर ठेवणीतले कपडे घातलेली अख्खी बिल्डिंग. एका बाजूला मोतीबाई दिव्यांनी भरलेलं ताट घेऊन उभ्या, त्यांच्यामागे बासुंदीची पातेली, दुसऱ्या बाजूला हिरामण काळे तीळ आणि तेलाचा डबा घेऊन. मधे पाटावर जुन्या बदलापूर गावातून आणलेले भटजी बसलेले. दिवे गेले तर पंचाईत नको म्हणून हिरामणने जनरेटर भाड्याने आणला होता, आणि दिवे गेले नव्हते तरी आणलाय तर चालवावा म्हणून तो धडधडत होता. चांगुणाबाईंना बायकांनी पैठणी नेसवून जनरेटरशेजारच्या खुर्चीवर आणून बसवलं होतं.

"यजमान आले," भटजी म्हणाले. "आधी एक नक्की सांगा. साठीची करायची की शनीची? सामान वेगळं लागतं."

तेवढ्यात लाल-निळा दिवा फिरवत पोलिसांची गाडी आत शिरली. हवालदार उतरून ओरडले, "शांतता समितीचे भोईर कोण?"

एवढी गर्दी दिनानाथांच्या दारी त्यांच्या लग्नालाही नव्हती. महिना संपत आला होता, उद्या सकाळी कमलेश कॅमेरा घेऊन एका साखरपुड्याला जाणार होता, म्हणजे शांतता पकडायची तर आजच. आणि आज इथे भटजी, पोलीस आणि बासुंदी! दिनानाथ खुर्चीवर चढले.

"मला शांत नको!" ते ओरडले. "शांतता पाहिजे! ता! ता राहिला!"

"कसला ता?" मोतीबाईंनी विचारलं.

मग त्यांनी सगळं सांगितलं. फिल्म, पैज, वाकड, फ्रीज, सगळं. "इथे रात्र होत नाही म्हणते माझी पोरगी! तुम्ही सगळे इथेच राहता ना? तुमच्या गावाला कोणी असं बोललेलं चालतं तुम्हाला? मला फक्त पाच मिनिटं शांतता द्या. नाहीतर माझं घर चाललं!"

मांडवात सन्नाटा पसरला. ती शांतता फार सुंदर होती, पण कमलेशने अजून कॅमेऱ्याची पिशवी उघडली नव्हती.

आणि मग बिल्डिंग पेटून उठली. भोईरांचं घर जाऊ द्यायचं नाही! हिरामणने भटजींपुढचा माईक हातात घेतला आणि भोंग्यावरून गर्जना केली, "कृपया शांतता राखा! शांततेचं शूटिंग चालू आहे! कृपया शांतता राखा!" ही घोषणा तो थांबून थांबून देत राहिला, कारण लोकांनी मधेच विसरायला नको. वॉचमन शिट्ट्या फुंकत रस्त्यावरच्या रिक्षा वळवू लागला. मोतीबाई पोरांना गप्प करायला गेल्या आणि त्यांचाच आवाज चौथ्या मजल्यापर्यंत गेला. कमलेशने, आता माहोल बनलाच आहे म्हणून, नको नको सांगितलेला ड्रोन उडवला; ड्रोन बघून गल्लीतली सगळी कुत्री एकदम भुंकायला लागली. कुत्री भुंकतात म्हणून हवालदारांनी काठी आपटली, काठी आपटली म्हणून कुत्री आणखी भुंकली. भटजी म्हणाले, "आलोच आहे, तर निदान दोन मंत्र म्हणतो, हळूच." त्यांचं हळूच म्हणजे नदीपलीकडे ऐकू जाईल असं. पंगतीची भांडी मांडणाऱ्या बायकांनी पातेली अगदी जपून ठेवली, आणि जपून ठेवलेलं पातेलं किती वाजतं हे ज्याने ऐकलंय त्यालाच माहीत.

दिनानाथ मधे उभे राहून ओठांवर बोट ठेवून गरागरा फिरत होते. कोणाचं लक्ष नव्हतं. सगळे त्यांच्यासाठीच झटत होते, आणि त्यामुळे कोणावर ओरडायचीही सोय नव्हती. असं प्रेम शत्रूवरही कोणी करू नये. रात्र उतरणीला लागली तरी कोणी हटेना. शेवटी ते हताश होऊन एका पालथ्या टोपावर बसले. हरलो. घर गेलं. आता उरलेलं आयुष्य वाकडला फ्रीज ऐकत काढायचं.

आणि तेव्हा त्यांना समोर चांगुणाबाई दिसल्या.

जनरेटरला लागून असलेल्या खुर्चीत त्या झोपल्या होत्या. पैठणीचा पदर खांद्यावरून ओघळला होता, मान एका बाजूला कलली होती, तोंड किंचित उघडं होतं. हिरामणच्या घोषणेने मांडवाचं कापड थरथरलं, पण चांगुणाबाईंची पापणी हलली नाही. त्या घोरत होत्या, सावकाश, तालात. वाकडला लेकीकडे दोघं आठवडाभर राहिले होते तेव्हा ही बाई रोज रात्री बाल्कनीत बसून असायची. घरी कूस बदलत असायची. गेल्या वर्षभरात दिनानाथांनी आपल्या बायकोला असं झोपलेलं पाहिलं नव्हतं.

ते उठले, कमलेशचा दंड धरून त्याला तिच्यासमोर आणलं आणि कॅमेरा लावायला सांगितला.

"साईं, आवाज बहुत है. बाद में काट देंगे ना?"

"काही कापायचं नाही. चालू ठेव."

सकाळी चहाच्या वेळी त्यांनी विचारलं. चांगुणाबाईंच्या चेहऱ्यावर कितीतरी दिवसांनी तरतरी होती.

"मी मोरिवलीची पोर," त्या म्हणाल्या. "आमचं घर कंपनीच्या भिंतीला लागून. रातपाळीची मशिनी चालली का मना झोप यायची. आवाज असला का वाटतं, मानसं जागी हायेत, आपन झोपलो तरी चालंल. तुमी रिटायर झालाव आन रोज खिडक्या लावायला लागलाव. फटीन् रबर कोंबलाव. वॉचमनला वरडलाव. सगला गपगार. मंग कुनीतरी जागा रायला पायजे ना? मी रायची."

"अगं, मग सांगितलं का नाहीस?"

"तुमी इचारलाव कदी? मना वाटला, तुमाला मच्छर चावतात."

दिनानाथ उठले आणि घरातल्या सगळ्या खिडक्या उघडल्या. खाली तोच टेम्पो गाणं म्हणत मागे येत होता. दोघंही चांगुणाबाईंसाठीच झटले होते, ते आणि त्यांची मुलगी, आणि जिच्यासाठी झटले तिला दोघांनीही विचारलं नव्हतं. त्यांना स्वतःची फार लाज वाटली आणि ते तसं बायकोला म्हणालेही. "असू दे," ती म्हणाली, "बशा, चा थंड होतंय."

फिल्म पाहून हिरामणने सल्ला दिला की वरून बासरी टाका. कमलेशने आवाज बंद करून द्यायची तयारी दाखवली. दिनानाथांनी दोघांनाही वाटेला लावलं. फिल्म होती तशी स्पर्धेला गेली, नावासकट : 'रात्रीची शांतता'. या वेळी 'ता' ठळक लिहिला होता.

महिना संपायच्या आदल्या संध्याकाळी अंबरनाथच्या सभागृहात ते चांगुणाबाई आणि करिष्मासोबत तिसऱ्या रांगेत बसले. करिष्माला आधी काही सांगितलं नव्हतं. परीक्षक मुंबईहून आलेले, खादीचा कुर्ता, चष्मा कपाळावर. दिवे मालवले. पडदा उजळायच्या आधी जनरेटर धडधडला आणि भोंग्यावरून हिरामण गरजला, "कृपया शांतता राखा!" सगळं सभागृह खो खो हसलं. मग पडद्यावर झोपलेल्या चांगुणाबाई आल्या, मागे कुत्री, मंत्र, शिट्टी, पातेली. लोक आणखी हसले. करिष्माने कपाळाला हात लावला.

परीक्षकांनी हात वर केला. "एक मिनिट. भोईर कोण? अहो, तुम्ही नाव शांतता दिलंय. यात शांतता कुठे आहे?"

दिनानाथ उभे राहिले. महिनाभर गावाने, पोलिसांनी, भटजींनी आणि ड्रोनने त्यांची शोभा केली होती. त्यांना आता कोणाचीही भीती उरली नव्हती.

"साहेब, जरा हळू बोला," ते म्हणाले. "ती आत्ता कुठे झोपलीय. वर्षानंतर."

परीक्षकांनी हात खाली घेतला. हसणारे गप्प झाले. कोणीतरी आलेला खोकला दाबला. पडद्यावर जनरेटर धडधडत होता, कुत्री भुंकत होती, आणि भरलेलं सभागृह श्वास रोखून एका बाईला झोपू देत होतं. करिष्मा पुढे वाकून आईचा तो चेहरा बघत होती. मग तिने डोळे पुसले आणि बापाच्या कानाशी येऊन कुजबुजली, "बाबा, वाकडच्या माणसाला उद्या नाही म्हणून सांगते."

"उद्या कशाला?" चांगुणाबाई भर सभागृहात म्हणाल्या. "आताच लाव फोन. आन मोठ्यानं बोल, मना ऐकू आला पायजे."